सात वर्षे म्हणजे नेमकी किती? ऑलिव्हिया डी हॅविलंड आणि वॉर्नर ब्रदर्स यांच्यातील खटला

ऑलिव्हिया डी हॅविलंड या अभिनेत्रीचा वॉर्नर ब्रदर्स स्टुडिओशी झालेला करार ५ मे १९३६ पासून सुरू झाला होता आणि त्याची मुदत सात वर्षांची होती. म्हणजे मे १९४३ च्या पहिल्या आठवड्यात तो संपला, हे सांगायला कुणा वकिलाची गरज नव्हती. स्टुडिओच्या हिशेबवहीत मात्र तो संपला नव्हता. मधल्या काळात तिने ज्या ज्या वेळी एखादी भूमिका नाकारली होती त्या त्या वेळी तिला बिनपगारी घरी बसवण्यात आले होते, आणि असे बसून काढलेले दिवस, सगळे मिळून सुमारे २५ आठवडे, कराराच्या शेपटाला जोडण्याचा हक्क स्टुडिओने स्वतःकडे राखून ठेवला होता. त्या काळातील जवळजवळ प्रत्येक नटनटीच्या करारात हे कलम होते आणि बहुतेकांनी ते पाऊसपाण्यासारखे गृहीत धरले होते. डी हॅविलंडने ते गृहीत धरले नाही. ऑगस्ट १९४३ मध्ये तिने लॉस एंजेलिसच्या सुपीरियर कोर्टात दावा दाखल केला, आणि पुढची सुमारे दीड वर्षे अमेरिकेतील एका मोठ्या उद्योगाचे लक्ष एका साध्या प्रश्नाकडे लागून राहिले : कायद्यातील सात वर्षे पंचांगावरची मोजायची की प्रत्यक्ष कामाची?

हे प्रकरण एरवी चित्रपटसृष्टीच्या इतिहासात एका परिच्छेदात उरकले जाते. धाकटी बहीण जोन फोंटेन हिच्याशी असलेल्या तिच्या अबोल्यावर जितकी शाई सांडली, तिच्या दशांशही या खटल्याच्या वाट्याला आलेली नाही. वास्तविक तिच्या कारकिर्दीचे दोन भाग पाडायचे तर हा खटलाच त्यांच्या मधोमध उभा आहे.

आधी कराराची रचना समजून घ्यायला हवी. ‘सात वर्षांचा करार’ हे नाव फसवे होते, कारण सात वर्षे फक्त एका बाजूला बांधणारी होती. डी हॅविलंडचा करार मुळात ५२ आठवड्यांचा होता आणि तो पुढे प्रत्येकी ५२ आठवड्यांनी सहा वेळा वाढवण्याचा पर्याय केवळ स्टुडिओकडे होता. दर वर्षाच्या शेवटी स्टुडिओ तिला ठेवू शकत होता किंवा नारळ देऊ शकत होता. तिला मात्र सोडून जाण्याची मुभा नव्हती. पगार ठरलेल्या पायऱ्यांनी वाढत असे आणि तिची सुरुवात आठवड्याला ५०० डॉलरपासून झाली होती. १९३६ च्या मंदीत ही रक्कम लहान नव्हती, आणि स्टुडिओचे वकील न्यायालयात पुढे नेहमी याच मुद्द्याशी येऊन थांबत. त्या पगाराच्या मोबदल्यात कोणत्या चित्रपटात काम करायचे, कोणत्या भूमिकेत, कुणासोबत आणि कुणाच्या दिग्दर्शनाखाली, हे सारे स्टुडिओ ठरवणार होता. शिवाय स्टुडिओ तिला दुसऱ्या स्टुडिओला ‘उसने’ देऊ शकत होता. उसनवारीची रक्कम साधारणपणे नटाच्या पगारापेक्षा पुष्कळ जास्त असे आणि वरचा फरक मालकाच्या खिशात जाई. बैलजोडी भाड्याने देण्यासारखाच हा व्यवहार होता, आणि हॉलिवूडमध्ये तो कुणालाही खटकत नसे.

भूमिका नाकारली की निलंबन ठरलेले. निलंबनाच्या काळात पगार बंद, अन्यत्र काम करायला मनाई, आणि तेवढी मुदत पुढे जोडलेली. ज्या भूमिकेसाठी निलंबन झाले ती दुसऱ्या कुणी पूर्ण करेपर्यंतचा काळही त्यात धरता येत असे. या गणिताचा परिणाम उघड आहे. जो नट जितका चोखंदळ, तितका त्याचा करार लांब. आणि ज्याने सगळेच नाकारले, त्याचा करार तत्त्वतः कधी संपणारच नाही.

डी हॅविलंड या सापळ्यात कशी आली, तेही थोडक्यात सांगितले पाहिजे. तिचा जन्म १ जुलै १९१६ रोजी टोकियोत ब्रिटिश आईवडिलांच्या पोटी झाला. वडील तिथे पेटंटचे वकील होते, तर आई रंगभूमीवर काम केलेली होती. १९१९ मध्ये आई दोन्ही मुलींना घेऊन कॅलिफोर्नियात आली आणि सॅराटोगा या गावी राहिली. पुढे आईने दुसरे लग्न केले, आणि सावत्र वडिलांच्या करड्या शिस्तीत या मुली वाढल्या. १९३४ च्या उन्हाळ्यात ऑस्ट्रियन दिग्दर्शक माक्स राइनहार्ट हॉलिवूड बोलच्या उघड्या रंगमंचावर शेक्सपियरचे ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’ बसवत होते. त्यात हर्मियाच्या भूमिकेसाठी पर्यायी नटी ठेवली होती आणि त्या पर्यायी नटीलाही पर्याय म्हणून अठरा वर्षांच्या ऑलिव्हियाला घेतले होते. आधीच्या दोघीही चित्रपटांच्या कामासाठी निघून गेल्या आणि ही पुढे आली. वॉर्नर ब्रदर्सने त्याच नाटकाचा चित्रपट करायचे ठरवले तेव्हा तिला पहिल्यांदा करारबद्ध केले; खटल्यातला १९३६ चा करार त्यानंतरचा. शिक्षिका होण्याचा तिचा बेत तिथेच राहिला.

वॉर्नर ब्रदर्स हा मारामारीच्या, गुन्हेगारीच्या आणि साहसाच्या चित्रपटांचा स्टुडिओ होता. तिथे पुरुषांची चलती होती. १९३५ च्या ‘कॅप्टन ब्लड’मध्ये एरॉल फ्लिन या नवख्या नटासमोर तिला उभे केले गेले, जोडी चालली, आणि मग एकूण आठ चित्रपटांत ती त्याच्यासोबत दिसली. १९३८ चा ‘द अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ रॉबिन हूड’ हा त्यातला सर्वांत गाजलेला. तो आजही पाहावा असा आहे, पण पाहताना लक्षात येते की तिच्या वाट्याला आलेले काम म्हणजे खिडकीत उभे राहणे, तलवारबाजी पाहून श्वास रोखणे आणि शेवटी नायकाच्या पराक्रमाचे फळ म्हणून त्याच्या हाती लागणे. हे काम ती उत्तम करी, आणि गोम नेमकी तिथेच होती. स्टुडिओप्रमुख जॅक वॉर्नरच्या दृष्टीने तिचा उपयोग ठरून गेला होता.

‘गॉन विथ द विंड’मधील मेलनीची भूमिका हा तिला गवसलेला पहिला अपवाद, आणि तोही घरच्या स्टुडिओबाहेरचा. निर्माता डेव्हिड सेल्झनिक याच्या घरी तिने दिग्दर्शक जॉर्ज क्यूकर याच्यासमोर प्रसंग वाचून दाखवला. समोरच्या स्कार्लेटचे संवाद स्वतः क्यूकरच, मखमली पडद्याला बिलगून, म्हणत होता, ही आठवण ती उतारवयातही हसत सांगत असे. भूमिका मिळाली, पण जॅक वॉर्नर तिला उसने द्यायला तयार होईना. तेव्हा तिने त्याच्या पत्नीला, अ‍ॅन वॉर्नर हिला, बेव्हर्ली हिल्समधील ब्राउन डर्बी या उपाहारगृहात चहाला बोलावले आणि मदत मागितली. अ‍ॅनने नवऱ्याचे मन वळवले. ज्या नटीला स्वतःच्या कारकिर्दीतला सर्वांत महत्त्वाचा निर्णय मालकिणीच्या हातापाया पडून करून घ्यावा लागतो, तिच्या करारात काय दोष आहे हे सांगायला दुसरा पुरावा नको. मेलनीचे काम संपत येत असतानाच वॉर्नर ब्रदर्सने तिला राणी एलिझाबेथवरच्या एका चित्रपटात बेटी डेव्हिस आणि फ्लिन यांच्यामागे एका दासीच्या भूमिकेत उभे केले. मेलनीसाठी ऑस्करचे नामांकन मिळाले. १९४१ मध्ये पॅरामाउंटला उसनी गेली असता ‘होल्ड बॅक द डॉन’साठी दुसरे नामांकन मिळाले. दोन्ही वेळा नामांकन मिळाले ते परक्या स्टुडिओच्या चित्रपटांसाठी. घरी मात्र पुन्हा तीच खिडकी, म्हणून ती नकार देऊ लागली आणि निलंबने साचत गेली.

स्टुडिओशी भांडणारी ती पहिली नव्हती. बेटी डेव्हिस १९३६ मध्ये वॉर्नरचा करार अर्ध्यावर टाकून इंग्लंडला गेली होती आणि तिथल्या एका निर्मात्यासाठी काम करणार होती. स्टुडिओने लंडनच्या न्यायालयात धाव घेतली. डेव्हिसला वॉर्नरकडे काम करायला भाग पाडता येणार नाही, पण कराराच्या काळात इतर कुणासाठी चित्रपट करण्यापासून तिला रोखता येईल, असे म्हणून न्यायमूर्ती ब्रॅन्सन यांनी मनाई हुकूम दिला. तिच्या लग्नानंतरच्या आडनावामुळे ‘वॉर्नर ब्रदर्स विरुद्ध नेल्सन’ या नावाने ओळखला जाणारा हा निकाल आपल्याकडच्या विधी महाविद्यालयांतही, करारातल्या नकारात्मक अटी शिकवताना, आवर्जून सांगितला जातो. डेव्हिस मुकाट्याने परतली. पुढे तिला भूमिका चांगल्या मिळाल्या, पण कायद्याचा मुद्दा स्टुडिओने जिंकला होता आणि हॉलिवूडने त्यातून घ्यायचा तो बोध घेतला होता.

डी हॅविलंडच्या बाजूने एक गोष्ट वेगळी होती. डेव्हिस करार चालू असताना निघून गेली होती. डी हॅविलंड तो संपेपर्यंत थांबली. तिचे वकील मार्टिन गँग यांनी तिचे लक्ष कॅलिफोर्नियाच्या कामगार संहितेतील कलम २८५५ कडे वेधले. व्यक्तिगत सेवेचा करार सेवेच्या आरंभापासून सात वर्षांपलीकडे नोकराविरुद्ध अंमलात आणता येणार नाही, असे त्या कलमात म्हटले होते. हे कलम नटनट्यांसाठी लिहिलेले नव्हतेच. त्याचे मूळ १८७२ च्या दिवाणी संहितेत होते, म्हणजे सिनेमाचा जन्म व्हायच्याही आधी. तेव्हा ही मर्यादा दोन वर्षांची होती. १९१९ मध्ये ती पाच वर्षांवर आणि १९३१ मध्ये सात वर्षांवर नेण्यात आली आणि १९३७ मध्ये हे कलम कामगार संहितेत आले. मर्यादा दर खेपेला मालकांना सोयीची होत गेली हे खरे, पण मर्यादा आहे हे तत्त्व टिकून राहिले. निलंबने धरून सात वर्षे की निलंबने वगळून, हे मात्र कोणत्याही न्यायालयाने तोवर स्पष्ट केलेले नव्हते. गँग यांनी नुकसानभरपाईचा दावा लावला नाही. कायद्याचा अर्थ काय आणि त्यानुसार आपल्या अशिलाचा करार संपला की नाही, एवढेच न्यायालयाने जाहीर करावे, असा घोषणात्मक दावा त्यांनी दाखल केला. मागणी जितकी लहान, तितकी ती टाळायला अवघड, हे त्यांनी ओळखले होते.

नोव्हेंबर १९४३ मध्ये न्यायाधीश चार्ल्स बर्नेल यांच्यासमोर सुनावणी झाली. तिने कितीदा आणि कसे काम करायला नकार दिला याची यादीच स्टुडिओच्या वकिलाने उलटतपासणीत मांडली. ही एक लाडावलेली, हट्टी, भरमसाट पगार घेणारी बाई आहे असे चित्र न्यायालयासमोर उभे करायचा त्याचा प्रयत्न होता. गँग यांनी तिला आधीच बजावले होते की तोल जाऊ द्यायचा नाही. अमुक भूमिकेला तुम्ही नकार दिलात ना, असे विचारल्यावर, आपण नकार दिला नाही, आपण ती नम्रपणे घेतली नाही, अशा अर्थाचे उत्तर तिने दिल्याचे ती पुढे मुलाखतीत सांगे. मराठीत हा फरक थोडा विरतो. इंग्रजीत तो एका शब्दाचा आहे आणि त्या एका शब्दाने वकिलाची सारी मांडणी सैल पडते. पडद्यावर वर्षानुवर्षे सौम्य, सालस मुलीच्या भूमिका केल्याचा तिला इथे फायदाच झाला असणार, असे मला वाटते. जी प्रतिमा मोडायला ती निघाली होती तीच साक्षीदाराच्या पिंजऱ्यात तिच्या कामी आली.

मार्च १९४४ मध्ये बर्नेल यांनी तिच्या बाजूने निकाल दिला आणि वॉर्नर ब्रदर्सने अपील केले. या मधल्या काळात काय घडले ते निकालापेक्षा कमी महत्त्वाचे नाही. जॅक वॉर्नरने इतर चित्रपट कंपन्यांना तारा आणि पत्रे पाठवून कळवले की ही नटी अद्याप आमच्या करारात आहे, तिला काम दिल्यास परिणामांना सामोरे जावे लागेल. त्यासाठी मनाई हुकुमाचीही गरज पडली नाही, नुसत्या पत्रांनी काम भागले. डेव्हिसच्या वेळी जे न्यायालयाने केले होते ते या वेळी धाकाने साधले. वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, दोन ऑस्कर नामांकने पदरात असताना, तिच्यासाठी हॉलिवूडमधील एकही कॅमेरा उघडा राहिला नाही. नटीच्या धंद्यात सत्तावीस ते एकोणतीस ही वर्षे परत येत नाहीत. स्टुडिओचे वकील कायद्याचा कीस काढत होते, पण त्यांचा खरा भरवसा या घड्याळावर होता. वकिलांच्या फीपोटी तिला सुमारे १३,००० डॉलर मोजावे लागले आणि तेवढ्या काळात चित्रपटांतून एक पैचीही कमाई नव्हती.

ती रिकामी मात्र बसली नाही. नोव्हेंबर १९४१ मध्ये, पर्ल हार्बरवरील हल्ल्याच्या काही दिवस आधी, तिने अमेरिकेचे नागरिकत्व घेतले होते. आता तिने रेडिओवर कामे केली आणि जखमी सैनिकांच्या रुग्णालयांचे दौरे सुरू केले. १९४४ मध्ये ती अलास्काजवळच्या अल्यूशियन बेटांवर गेली, नंतर दक्षिण प्रशांत महासागरातील तळांवर गेली. तिथे नाच किंवा गाणे करून दाखवण्यासारखे तिच्याजवळ काही नव्हते, म्हणून ती एकेका खाटेपाशी बसून बोलत असे. फिजीमध्ये तिला न्यूमोनिया झाला आणि स्वतःलाच रुग्णालयात पडून राहावे लागले.

८ डिसेंबर १९४४ रोजी कॅलिफोर्नियाच्या द्वितीय जिल्हा अपील न्यायालयाने निकाल दिला. न्यायमूर्ती क्लेमेंट शिन यांनी लिहिलेले ते निकालपत्र वकिलाव्यतिरिक्त कुणालाही कळेल इतके स्वच्छ आहे. वॉर्नर ब्रदर्सचे म्हणणे दोन पायांवर उभे होते. पहिला पाय असा की कायद्यातील ‘सात वर्षे’ म्हणजे सात वर्षांची प्रत्यक्ष सेवा; ज्या काळात नटीने काम केलेच नाही तो काळ सेवेत कसा धरायचा? दुसरा पाय असा की निलंबनाची मुदत पुढे जोडायला तिने स्वतः सही करून संमती दिली होती. कायद्याने काही संरक्षण दिलेच असेल तर ते तिने आपखुशीने सोडले आहे.

पहिल्या मुद्द्यावर न्यायालयाने कायद्याचा इतिहास पाहिला. दोन वर्षांची मर्यादा होती तेव्हा तिचा अर्थ पंचांगातली दोन वर्षे असाच होता, पाच झाली तेव्हाही तोच. विधिमंडळाला १९३१ मध्ये केवळ आकडा न बदलता मोजण्याची पद्धतच बदलायची असती, तर त्याने तसे ठळक शब्दांत म्हटले असते. इतका मोठा बदल शब्दांच्या आडून, कुणाच्या ध्यानी न येता होत नसतो. आणि स्टुडिओचा अर्थ मान्य केला तर मर्यादेला काही अर्थच राहत नव्हता, हेही उघड होते. सात वर्षांची सेवा दहा, बारा, वीस वर्षांतही पसरवता आली असती आणि ती किती पसरवायची हे ठरवण्याचे साधन, म्हणजे निलंबन, मालकाच्याच हाती होते.

दुसरा मुद्दा अधिक खोल आहे आणि माझ्या मते निकालाचे खरे वजन त्यावर आहे. कॅलिफोर्नियाच्या कायद्यात आधीपासून असे तत्त्व होते की कायद्याने केवळ आपल्यालाच मिळणारा लाभ माणूस सोडू शकतो, पण सार्वजनिक हेतूने केलेला कायदा दोघांनी आपसांत करार करून मोडता येत नाही. मग प्रश्न उरतो तो एवढाच, की सात वर्षांची मर्यादा कुणाच्या हितासाठी आहे? न्यायालय म्हणाले, काम करणाऱ्या सगळ्यांच्या. माणसाला जसजसा अनुभव येतो, कसब वाढते, तसतशी त्याला वर जाण्याची, आपल्या कर्तबगारीचा अधिक चांगला उपयोग करण्याची आणि तिचा मिळेल तितका मोबदला घेण्याची वाजवी संधी असली पाहिजे; म्हणून सात वर्षांनंतर त्याला मालक बदलता आला पाहिजे, आणि हा हक्क तो करारात आगाऊ लिहून देऊ शकत नाही. या युक्तिवादात नटीचा पगार किती, ती कृतघ्न आहे की नाही, स्टुडिओने तिला नाव मिळवून दिले की नाही, या गोष्टींना जागाच नव्हती. आठवड्याला पाचशे डॉलरपासून सुरुवात केलेली नायिका आणि गिरणीतला फिटर या कलमापुढे एकाच रांगेत उभे होते. स्टुडिओच्या वकिलांनी महिनोन्‌महिने उभी केलेली लाडावलेल्या बाईची ती प्रतिमा इथे आपोआप गळून पडली.

फेब्रुवारी १९४५ मध्ये कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने वॉर्नर ब्रदर्सचा अर्ज ऐकायला नकार दिला आणि प्रकरण संपले. निलंबनाचे कलम करारांत लिहिण्यावर बंदी आली नाही. भूमिका नाकारली तर पगार थांबवणेही बेकायदा ठरले नाही. फक्त सात वर्षांची भिंत कुणालाही पुढे सरकवता येणार नाही, एवढे ठरले. पण युद्ध संपत आले होते आणि सैन्यात गेलेले अनेक करारबद्ध नट परतण्याच्या बेतात होते. त्यांची लष्करातील वर्षेही करारात जोडून मागण्याचा मार्ग या निकालाने बंद झाला. या एका निकालाने स्टुडिओशाही कोसळली असे म्हणण्याची जी प्रथा आहे ती मला पटत नाही. १९४८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने पॅरामाउंट खटल्यात स्टुडिओंची चित्रपटगृहांवरील पकड मोडली, मागोमाग दूरचित्रवाणी आली, आणि वर्षाला पन्नास चित्रपट काढण्यासाठी शेकडो नट पगारावर बाळगण्याचे गणितच बिघडले. डी हॅविलंडच्या निकालाने त्या इमारतीची एक तुळई काढली. इमारत पडायला आणखी पुष्कळ कारणे होती.

तिच्या स्वतःच्या कारकिर्दीवर मात्र परिणाम तात्काळ दिसला. पॅरामाउंटकडे गेल्यावर ‘टू ईच हिज ओन’ हा १९४६ चा चित्रपट तिने मिचेल लायसन या दिग्दर्शकाबरोबर केला. कुमारी माता ते मध्यमवयीन यशस्वी स्त्री असा त्यातला प्रवास आहे आणि त्याने तिला पहिले ऑस्कर दिले. त्याच वर्षीच्या ‘द डार्क मिरर’मध्ये तिने जुळ्या बहिणींच्या दोन भूमिका केल्या. १९४८ च्या ‘द स्नेक पिट’साठी ती मनोरुग्णालयांत जाऊन बसली आणि तिथले उपचार, तिथल्या स्त्रियांचे चालणे-बोलणे तिने जवळून पाहिले. रंगरंगोटीविना, विस्कटलेल्या केसांनी पडद्यावर येणारी ती नायिका ‘रॉबिन हूड’मधल्या मॅरियनला ओळखही देत नाही. व्हेनिसच्या महोत्सवात या कामासाठी तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

आणि मग ‘द हेअरेस’. ब्रॉडवेवर नाटक पाहून तिनेच विल्यम वायलर या दिग्दर्शकाला त्यावर चित्रपट करण्याचे सुचवले. ही गोष्ट वरकरणी लहान, पण पाच वर्षांपूर्वी तिच्या बाबतीत अशक्य होती. तिची कॅथरीन ही श्रीमंत डॉक्टरची साधी, बुजरी मुलगी. प्रियकरासोबत पळून जाण्यासाठी ती बॅग भरून रात्रभर वाट पाहते आणि तो येत नाही. पहाटे ती बॅग घेऊन जिना चढते, असे दृश्य आहे. वायलरने ते पुन्हा पुन्हा घ्यायला लावले, त्याला हवे ते मिळेना. शेवटी वैतागून तिने बॅग फेकली, तेव्हा त्याच्या लक्षात आले की बॅग रिकामी आहे. त्याने ती जाडजूड पुस्तकांनी भरून घेतली आणि तिला परत चढायला लावले. पडद्यावर दिसते ते ओझे अशा रीतीने खरे आहे : एकेका पायरीला खांदा खाली ओढला जातो आणि वर पोहोचेपर्यंत ती मुलगी म्हातारी झालेली असते. या भूमिकेसाठी १९५० मध्ये तिला दुसरे ऑस्कर मिळाले. खटला संपून पाच वर्षे झाली होती. वॉर्नरकडच्या सात वर्षांत तिने किती चित्रपट केले ते मोजून पाहावे, आणि त्यांतले किती आज तिच्यासाठी पाहिले जातात तेही मोजावे.

पुढची कारकीर्द विरळ आहे आणि ती तिने स्वतः निवडलेली आहे. १९५० च्या दशकात ती पॅरिसला स्थायिक झाली, फ्रेंच पत्रकाराशी तिचे दुसरे लग्न झाले, १९६५ मध्ये कान महोत्सवाच्या परीक्षक मंडळाची ती पहिली स्त्री अध्यक्ष झाली. अधूनमधून चित्रपट येत राहिले. १९७८ मध्ये मधमाश्यांच्या थव्यावरच्या एका सुमार आपत्तीपटात ती दिसली. तो वॉर्नर ब्रदर्सने काढलेला होता, हा योगायोग म्हणून नोंदवून पुढे जायला हरकत नाही.

कलम २८५५ मात्र ‘डी हॅविलंड कायदा’ या नावाने वापरात राहिले. १९७९ च्या सुमारास दूरचित्रवाणीवरील सूत्रसंचालक जॉनी कार्सन याने एनबीसी वाहिनीचा करार सोडण्यासाठी त्याचाच आधार घेतला आणि त्याच्या जोरावर नवा, बराच सोयीचा करार मिळवला. ध्वनिमुद्रण कंपन्या यातून सावध झाल्या. १९८७ मध्ये विधिमंडळाकडून त्यांनी एक उपकलम मिळवले. त्यानुसार गायक-वादक सात वर्षांनी करार सोडू शकतात, पण ठरलेल्या संख्येइतके अल्बम दिले नसतील तर न दिलेल्या अल्बमांपोटी कंपनी त्यांच्याकडून नुकसानभरपाई मागू शकते. वॉर्नर ब्रदर्स १९४४ मध्ये जे मागत होते, वेळेऐवजी कामाच्या मापाने करार मोजणे, ते एका कलेपुरते मागच्या दाराने परत आले. २००८ मध्ये ‘थर्टी सेकंड्स टू मार्स’ या वाद्यवृंदाने सात वर्षे झाली म्हणून करार संपल्याचे जाहीर केले तेव्हा ईएमआय कंपनीने त्यांच्यावर ३ कोटी डॉलरचा दावा लावला. पुढे तडजोड झाली. त्या वाद्यवृंदाचा गायक जॅरेड लेटो नंतर पॅरिसला जाऊन डी हॅविलंडला भेटून आला.

ती स्वतः पुन्हा एकदा न्यायालयात गेली, १०१ व्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, ३० जून २०१७ रोजी. बेटी डेव्हिस आणि जोन क्रॉफर्ड यांच्या वैरावरील ‘फ्यूड’ या मालिकेत कॅथरीन झीटा-जोन्स हिने डी हॅविलंडची भूमिका केली होती. परवानगी न घेता आपले नाव आणि व्यक्तिमत्त्व वापरले आणि आपण कधी न उच्चारलेले, बहिणीविषयीचे हलके शब्द आपल्या तोंडी घातले, अशी तिची तक्रार होती. खालच्या न्यायालयाने दावा चालू ठेवायला परवानगी दिली. मार्च २०१८ मध्ये अपील न्यायालयाने ती रद्द केली : माणूस जगप्रसिद्ध असो वा अनोळखी, इतिहासावर त्याची मालकी नसते, आणि प्रत्यक्ष घडलेल्या गोष्टींवर कलाकृती रचणाऱ्यांना ज्यांच्यावर ती रचली त्यांची परवानगी लागत नाही. हा निकाल देणारे न्यायालय होते कॅलिफोर्नियाचे द्वितीय जिल्हा अपील न्यायालय, म्हणजे १९४४ मध्ये तिला वॉर्नरपासून सोडवणारे तेच. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने आणि नंतर जानेवारी २०१९ मध्ये देशाच्या सर्वोच्च न्यायालयानेही हे प्रकरण ऐकण्यास नकार दिला. २६ जुलै २०२० रोजी पॅरिसमधील राहत्या घरी, वयाच्या १०४ व्या वर्षी, तिचे निधन झाले.